वाटीखालची राणी

माझ्या सुनेचं म्हणणं असं, की सत्तरी ओलांडलेल्या बाईने दुपारभर मोबाइलवर धनुष्यबाण खेळत बसणं ही काळजीची बाब आहे. देविका दातांची डॉक्टर आहे, तिला कुठेही कीड लवकर दिसते. मी तिला म्हटलं, "मी खेळत नाहीये गं, मी विनीला भेटायला चाललेय. रस्ता जरा लांबचा पडतोय."

विनी म्हणजे विनिफ्रेड परेरा. खोताच्या वाडीत आमच्या समोरचंच घर तिचं. ती तिथेच जन्मली, मी लग्न होऊन आले. आम्ही पाठारे प्रभू, ती ईस्ट इंडियन, म्हणजे इथलीच मूळची ख्रिस्ती. तिच्याकडे बॉटल मसाला, आमच्याकडे परभी सांबार मसाला, आणि कोणाच्या कालवणाला जास्त चव यावर आमचं आयुष्यात एकमत झालं नाही. मी फोर्टात विमा कंपनीत नोकरी केली, ती बॅलार्ड इस्टेटला एका जहाज कंपनीत टायपिस्ट होती. दोघींचे नवरे गेले, दोघी रिटायर झालो, आणि मग एरवी सुटीपुरता असलेला कॅरम रोज चार वाजता तिच्या व्हरांड्यात सुरू झाला.

विनीच्या तोंडाबद्दल आधी सांगायला हवं. असं तोंड मी दुसरं पाहिलं नाही. कोळणी तिला बघून टोपली उचलायच्या. खेळतानाही तोंड बंद नाही. सोंगटी गेली तरी बोलणार, नाही गेली तर जास्त बोलणार. "काय गो नलू, विमा कंपनीत एवढी वर्षं हाच नेम धरून बसली होतीस काय?" मी रागावायचे, मग माझा स्ट्रायकर भलतीकडे जायचा, मग ती आणखी हसायची. तिच्या हसण्याने समोरच्या घरातले लोक दुपारच्या झोपेतून उठायचे.

तिच्या आईपासूनची त्या घरात एक रीत होती. संध्याकाळचा शेवटचा बोर्ड संपवायचा नाही. दिवेलागण झाली, मला देवापाशी दिवा लावायला घरी जायचं असायचं, तिला तिची प्रार्थना असायची. तेव्हा डाव असेल तिथे थांबवायचा. मात्र राणी तोवर घ्यायची नाही, ती बोर्डावर राहिली पाहिजे. मग विनी आतून एक स्टीलची वाटी आणायची आणि राणीवर पालथी घालायची, म्हणजे मांजराने हलवायला नको. याला आम्ही 'राणी राखली' म्हणत असू. राणी राखली, की दुसऱ्या दिवशी चार वाजता येणं भाग. पाऊस असो, पाहुणे असोत, आदल्या दिवशी भांडण झालेलं असो. भांडण झालं असेल तर ती मुद्दाम वाटी जोरात आपटायची, मला माझ्या घरात ऐकू जावं म्हणून.

गणपती गेल्यावर आठवड्याभरातली गोष्ट. त्या संध्याकाळीही राणी राखली होती. दुसऱ्या दिवशी सकाळी तिच्या दारातली दुधाची पिशवी तशीच लटकत राहिलेली मी पाहिली आणि तशीच धावत गेले. अर्धांगाचा झटका होता. उजवा हात गेला, उजवा पाय गेला, आणि बोलणं गेलं. डॉक्टर म्हणाले, तिला सगळं समजतं, शब्द आत आहेत, पण तोंडापर्यंत येत नाहीत. मला त्यातलं हे शेवटचंच ऐकू आलं. देवाला दुसरं काही न्यायला मिळालं नाही का, असं मी देवापुढे बसूनच त्याला विचारलं.

हॉस्पिटलातून तिच्या मुलीने, अँड्रियाने, तिला परळला स्वतःच्या घरी नेलं. गिरणीच्या जागेवर उभा राहिलेला टॉवर, खाली कारंजं, वर ढग. वाडीतल्या घराला कुलूप. आत बंद व्हरांड्यात आमचा बोर्ड आणि वाटीखाली राणी, जशीच्या तशी.

मी पहिल्यांदा परळला गेले तेव्हा कोबी-कोलंबीचं भानोलं करून नेलं होतं. ते तिला इतकं आवडायचं, की त्याच्यासाठी ती आमच्या मसाल्याला नाव ठेवणंसुद्धा तेवढ्यापुरतं थांबवायची. मी खोलीत पाऊल टाकलं आणि तिने भिंतीकडे तोंड फिरवलं. मी बसले, बोलले, वाडीतल्या बातम्या सांगितल्या. तिची पाठ हलली नाही. दुसऱ्यांदा गेले तर अँड्रिया दारातच म्हणाली, "सॉरी आंटी. तुम्ही खालून फोन केलात ना, तेव्हापासून ती रडतेय. तिला नाही भेटायचं कोणाला." मी डबा अँड्रियाच्या हातात दिला आणि लिफ्टने खाली आले. टॅक्सीत मला विनीचा भयंकर राग आला. एवढी वर्षं माझ्या प्रत्येक चुकीवर फिदीफिदी हसलीस, आणि आता स्वतःचं वाकडं तोंड मला दाखवायची लाज? मी काय परकी आहे? राग उतरल्यावर कळलं, परकी असते तर तिने भेटू दिलं असतं.

मग एके दिवशी फोनवर अँड्रिया सहज बोलून गेली. "काहीच करत नाही हो मम्मी. थेरपिस्ट आली की डोळे मिटून पडते. डाव्या हाताला सवय व्हावी म्हणून तिनेच फोनवर एक गेम टाकून दिलाय, तीरंदाजीचा. तेवढंच खेळते. त्याच्यासाठी मात्र उठून बसते."

उठून बसते, एवढं मी पकडून ठेवलं. गेमचं नाव विचारून घेतलं आणि देविका जेवायला घरी आली तेव्हा फोन तिच्यापुढे सरकवला.

"आई, तुम्हाला साधं व्हॉट्सअ‍ॅपवर गुड मॉर्निंग पाठवता येत नाही."

"ते येतं. पाठवत नाही, कारण मला अक्कल आहे. तू हे घाल."

तिने घातलं. त्यात आपलं नाव लिहायचं होतं, मी 'नलू' लिहिलं. अँड्रियाकडून विनीचा नंबर मागवून तिला खेळायचं आमंत्रण पाठवलं. ते स्वीकारायचं की नाही हे विनीच्या हातात होतं. मी वरण ढवळत होते आणि फोन ओट्यावर उभा करून ठेवला होता. वरण लागलं. संध्याकाळी फोन टिंग वाजला. विनी खेळायला तयार होती. ती मला बघायला तयार नव्हती, पण माझा बाण बघायला तयार होती, आणि त्या दिवशी मला तेवढंही पुष्कळ वाटलं.

खेळ साधा आहे. पडद्यावर दूर एक गोल लक्ष्य असतं, मध्ये पिवळं, मग लाल, निळं, काळं, पांढरं. बोट टेकवून मागे ओढलं की धनुष्य ताणलं जातं. वर कोपऱ्यात वारा कुठून वाहतोय ते दाखवतात. नेम धरायचा आणि बोट उचलायचं. अगदी मधोमध दहा, मग उतरत जातं. तिने तीन बाण मारायचे, आपण तीन. बेरीज सारखी झाली, तर दोघांना एकेक बाण, कोणी एक पुढे जाईपर्यंत. ओळखीच्या माणसाशी खेळताना घाई नसते. आपली पाळी आली की चोवीस तासांत कधीही बाण मारता येतो. बोलायची सोय नाही. हसणारं तोंड, रडणारं तोंड, टाळ्या, अशी चार तयार चित्रं आहेत, ती पाठवायची.

माझा पहिला बाण लक्ष्याच्या वरून गेला. दुसराही. तिसरा कुठे गेला ते त्या फोनलाच माहीत. विनीने मला धुऊन काढलं आणि हसणारं तोंड पाठवलं. मी फोन आपटायच्या बेतात होते, मग त्या तोंडाकडे बघत राहिले. कितीतरी दिवसांनी विनी मला हसली होती.

त्यानंतर रोज चार वाजता. वेळ कोणी ठरवली नाही, पण चारला फोन वाजायचाच. ती रोज जिंकायची आणि रोज हसायची, आणि मला मनापासून राग यायला लागला. आयुष्यभर नेमाचा खेळ खेळलेली बाई मी. कोनाचा अंदाज मला नाही तर कोणाला? तरी बाण वरच जायचा. मी चष्मा बदलला, बोट पुसलं, फोन पुसला, फोनला शिव्या दिल्या.

शेवटी देविका एकदा शेजारी बसून बघत राहिली. "आई, तुमचा नेम बरोबर आहे. सोडताना काय करता ते बघा. तुम्ही सोडत नाही, टिचकी मारताय."

मी बघितलं. खरंच. शेवटच्या क्षणी माझं बोट पुढे उडत होतं, स्ट्रायकरला मारावं तसं. कॅरमवाल्या बोटाला ढकलायची सवय. इथे ढकलायचं नव्हतं, ओढून धरलेलं फक्त सोडायचं होतं. आणि विनी तिच्या डाव्या हाताने खेळत होती. त्या हाताने जन्मात कधी टिचकी मारली नव्हती. त्याला विसरायचं असं काही नव्हतंच.

"पेशंटच्या तोंडात सुई असते ना, तेव्हा मी आधी श्वास सोडते," देविका म्हणाली. "मग हात. श्वास धरला की हात थरथरतो. आणि फार वेळ नेम धरून बसू नका. जितकं जास्त ताणाल तितकं ते हलायला लागतं."

शिकायला बसलं की कळतं, शिकण्यातलं निम्मं काम विसरण्याचं असतं. मी जेवणाच्या टेबलावर नुसतं बोट टेकवून उचलायचा सराव केला. निरांजन देवापुढे ठेवून हात काढून घेतो ना, ज्योत हलू नये म्हणून, तसं. ते जमायला लागलं. मग वारा. वारा असेल तर पिवळ्यावर नेम धरून उपयोग नसतो, तो येतो त्या अंगाला सरकून धरावा लागतो आणि मग विश्वासाने सोडावं लागतं. हे मला सगळ्यांत जड गेलं. मी सरळ बोलणारी, सरळ जाणारी बाई. विनीच्या खोलीतसुद्धा मी अशीच सरळ घुसले होते, हातात भानोलं घेऊन. तिच्याकडचा वारा कुठून वाहतोय ते मी पाहिलंच नव्हतं. पण हे मला तेव्हा सुचलं नाही, पुष्कळ नंतर सुचलं. तेव्हा मला फक्त जिंकायचं होतं.

आणि मी जिंकायला लागले. आधी काठावर, मग दणदणीत. नऊ, दहा, दहा. देविका संध्याकाळी घरी आली की मी तिला आकडे ऐकवायचे. त्या आठवड्यात मी मोदकसुद्धा केले, चतुर्थी नसताना. विनीकडून हसणारं तोंड येणं बंद झालं होतं, ते माझ्या लक्षात आलं नाही. जिंकताना समोरच्याचं तोंड एरवीही कोण बघतो, आणि इथे तर ते दिसतच नव्हतं.

मग अँड्रियाचा फोन आला. बोलता बोलता म्हणाली, मम्मी कालपासून उठली नाही.

देविका ताट वाढत होती. तिने ऐकलं. "आई, तुम्ही एका आजारी बाईला हरवताय. वर मोदक करताय."

दुसऱ्या दिवशी चार वाजता मीच विनीला आमंत्रण पाठवलं. बऱ्याच वेळाने ती आली. तिने आठ मारला, मी चांगला नेम धरला आणि मुद्दाम बोट हलवलं. निळ्यात. तिने नऊ मारला, मी काळ्यात. मला स्वतःचं कौतुक वाटत होतं. किती मोठं मन, वगैरे. माझा तिसरा बाण तर लक्ष्याच्या बाहेरच गेला. ती जिंकली. मी टाळ्या पाठवल्या.

तिकडून काही आलं नाही. पडद्यावरचं तिचं नाव विझलं, आणि मग ते विझलेलंच राहिलं. मी रोज चारला आमंत्रण पाठवायचे आणि ते दुसऱ्या दिवशी आपोआप परत यायचं.

मला आधीच कळायला हवं होतं. तिचा नवरा आग्नेलो गेला, चर्चमध्ये महिन्याचा मिस्सा झाला, आणि त्यानंतर पहिल्यांदा आम्ही बोर्ड मांडला तेव्हाची गोष्ट. राणी पॉकेटच्या तोंडाशी होती, लहान पोरानेही घेतली असती. मी सोडली. विनीने माझ्याकडे पाहिलं, आणि दोन्ही हातांनी सगळ्या सोंगट्या बोर्डावरून ढकलून दिल्या. "लबाड!" ती ओरडली. "माझा नवरा मेलाय, नलू. माझा हात नाय मेला!" मग आम्ही दोघी जमिनीवर बसून सोंगट्या गोळा केल्या आणि गोळा करता करता खूप रडलो. त्यानंतर तिच्याशी खेळताना मी कधी हात आखडला नाही. आणि आता, खरोखरच हात गेलेला असताना, मी तिला तेच सांगितलं होतं, की तुझ्याशी आता कोणी खरं खेळणार नाही.

अँड्रिया फोनवर रडली. थेरपिस्ट म्हणते, आत्ताचे महिने महत्त्वाचे, आत्ता प्रयत्न केले नाहीत तर जे गेलं ते गेलं. आणि मम्मीने फोन खणात टाकून दिलाय. मी तिला काय झालं ते सांगितलं. ती म्हणाली, "असू दे आंटी, तुम्ही चांगल्यासाठीच केलं." यापेक्षा तिने मला शिव्या घातल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

माफी कशी मागायची? फोन ती घेत नाही, भेटत नाही, आणि त्या खेळातली चार तोंडं अशा कामाची नाहीत. रडणारं तोंड पाठवलं असतं तर तिला वाटलं असतं, अजून दया करते आहे. मी फोन घेऊन व्हरांड्यात बसले. समोर तिच्या दाराचं कुलूप. त्या कुलपाकडे बघता बघता मला सुचलं. खेळात नाव बदलता येतं. देविकाला न विचारता, चष्मा वर-खाली करत, मी ते शोधून काढलं. 'नलू' पुसलं आणि 'लबाड' लिहिलं. आणि आमंत्रण पाठवलं.

दोन दिवस काही नाही, परत आलं की मी पुन्हा पाठवायचे. तिसऱ्या दिवशी अँड्रियाचा फोन, आवाजात गोंधळ. "आंटी, मम्मीचा फोन चार्ज करायला खणातून काढला, तर वर आलं, लबाड तुमच्याशी खेळू इच्छितो. मला वाटलं कोणीतरी फ्रॉड असेल. डिलीट करायला तिला दाखवलं. तर तिने घशातून असा आवाज काढला, मी घाबरलेच! मग बघते तर हसतेय. माझ्या हातातून फोन हिसकावून घेतला."

चार वाजले होते. मी पदराला बोट पुसलं आणि बसले. एवढं नक्की केलं होतं, की आज जे काही पडेल ते खरं पडेल. जिंकले तर जिंकेन, रुसली तर रुसू दे, पण हात आखडणार नाही.

पहिला बाण तिचा. दहा. इतके दिवस खणात पडूनही दहा! मी श्वास सोडला, बोट उचललं. नऊ. तिचा नऊ, माझा दहा. तिचा नऊ, माझाही नऊ. बरोबरी झाली. आता एकेक बाण. तिने दहा मारला. माझ्याकडे वारा उलट फिरला होता; मी डावीकडे सरकून, जिथे काहीच नाही अशा जागी नेम धरला आणि सोडला. दहा. मी एकटीच खोलीत ओरडले, "ये!" पुन्हा एकेक. तिचा नऊ, माझा नऊ. देविका क्लिनिकमधून आली ती पर्स खांद्यावर तशीच ठेवून मागे उभी राहिली. पुन्हा. या वेळी आधी पाळी माझी होती. आठ आणि नऊच्या रेघेवर बाण लागला, खेळाने नऊ दिला.

आता तिची पाळी. पडद्यावर आलं, समोरचा खेळाडू बाण मारेपर्यंत थांबा.

मी थांबले. बाहेर उजेड उतरला. देविकाने चहा केला, तो गार झाला. पडदा तसाच. मी म्हटलं, दमली असेल. मग म्हटलं, पुन्हा रुसली. पण मी हात आखडला नव्हता, देवाशपथ. मग मला ती दुधाची पिशवी आठवली, दारात लटकणारी. दिवेलागण झाली होती. मी दिवा न लावताच अँड्रियाला फोन केला.

"विनी कशी आहे? खरं सांग."

"ठीक आहे आंटी, काय झालं?"

"खेळता खेळता थांबली ती. तिचा बाण राहिलाय."

"हो ना, काय डोक्यात घेतलंय कळत नाही," अँड्रिया वैतागली होती. "चांगली खेळत होती. मग खिडकीतून बाहेर बघितलं, फोन टेबलावर ठेवला, आणि समोर शिऱ्याची रिकामी वाटी होती ना, ती त्याच्यावर पालथी घातली. चिकट वाटी! फोन खराब होईल म्हणून मी उचलायला गेले तर हातावर फटका मारला मला."

मी खाली बसले. देविका धावत आली, तिला वाटलं मला चक्कर आली. मला रडू येत होतं आणि ते थांबवायची माझी इच्छा नव्हती. अँड्रिया तिकडून आंटी, आंटी करत होती. तिला ही रीत माहीत नसणार. चार वाजता ती नोकरीत असायची, मग परळला राहायला गेली. म्हाताऱ्या बायकांचे खेळ कोण बघतो?

"अँड्रिया, त्या वाटीला हात लावू नकोस," मी म्हटलं. "कोणालाही लावू देऊ नकोस. मी उद्या चार वाजता येतेय."

"पण आंटी, तुम्हाला माहितीये ना, ती कोणालाच…"

"तिने बोलावलंय मला."

त्या रात्री मी भानोलं केलं नाही. दुसऱ्या दिवशी काही न घेता गेले, नुसता फोन घेऊन, जशी व्हरांड्यात जायचे तशी. अँड्रिया दार उघडून बाजूला झाली. विनी खिडकीपाशी खुर्चीत बसली होती, दाराकडे तोंड करून. केस विंचरलेले, तपकिरी फुलांचा फ्रॉक. तोंडाची उजवी बाजू खाली ओघळलेली होती. ती लपवत नव्हती. हनुवटी वर करून माझ्याकडे बघत होती, की बघ, नीट बघून घे एकदाचं. मी बघितलं. आतून हलले, खोटं कशाला बोलू. पण डोळे तिचेच होते.

मला खूप काही बोलायचं होतं. मी खुर्ची ओढून टेबलाशी बसले आणि म्हटलं, "चार वाजले."

तिने डाव्या हाताने वाटी उचलून बाजूला ठेवली. फोन चिकट झाला होता. मी पदराने पुसून दिला. पडद्यावर तिच्या नावासमोर माझं नाव होतं. तिने त्याच्यावर बोट ठेवलं, मग ते बोट माझ्याकडे रोखलं. तिचा गळा हलला. ओठ डावीकडे ओढले गेले, सुटले, परत ओढले गेले. मी मदत करायला तोंड उघडलं होतं, मिटलं. अँड्रिया दारात उभी होती, तिने तोंडावर हात ठेवला.

"ल," विनी म्हणाली. थांबली. श्वास सोडला. "लबाड."

स्पष्ट. टॉवरभर ऐकू गेलं असेल असं मला वाटलं, पण प्रत्यक्षात आवाज फार लहान होता. अँड्रिया आत निघून गेली, तिचं रडणं तिथून ऐकू येत होतं. मी विनीचा उजवा हात, जो मांडीवर नुसता पडलेला होता, तो हातात घेतला. तिने काढून घेतला नाही, त्याला काढून घेता येतही नव्हतं. "हो गं बाई," मी म्हटलं, "लबाडच. पुन्हा नाही करणार. मार आता."

तिने धनुष्य ताणलं. मी बघत होते, किती हलकं बोट उचलते ते. बाण जाऊन बरोब्बर मधोमध बसला. दहा. मी हरले. आणि विनी हसली, अर्ध्या तोंडाने, पण वाडीतल्यासारखी, खांदे हलवून, माझ्या तोंडावर.

मग आम्ही दिवेलागणीपर्यंत खेळलो. निघायच्या आधी तिने तिचा बाण राखला आणि वाटीसाठी हात पुढे केला. मी अँड्रियाकडून धुतलेली मागून घेतली.

वाडीतली खरी राणी अजून त्या कुलपाआड वाटीखालीच आहे. तिच्यासाठी विनीला त्या व्हरांड्याचा जिना चढावा लागेल, आणि ते कधी होईल, होईल की नाही, हे थेरपिस्टलाही सांगता येत नाही. पण आता विनी थेरपिस्टसमोर डोळे मिटून पडत नाही, असं अँड्रिया सांगते. मी त्या कुलपाची किल्ली मागून घेतलीये. शनिवारी जाऊन बोर्डावरची धूळ झटकते, सोंगट्यांना आणि वाटीला हात न लावता, कारण त्या डावात पाळी विनीची आहे.